एकाच घरातील अनेक उन्हाळे

मे महिन्यात दुपारी तीनच्या सुमारास हिंगोली जिल्ह्यातील एखाद्या जुन्या माळवदाच्या घरात शिरणारा माणूस पंधरावीस पावलांत तीन ऋतू ओलांडतो. अंगणात ऊन भाजून काढीत असते, ओसरीवर ते सुसह्य होते आणि जाड भिंतींच्या मधल्या खोलीत, मातीच्या छताखाली, डोळा लागावा इतका गारवा असतो. रात्री हा क्रम उलटतो. मधली खोली कोंदटते आणि सारे घर बाजा घेऊन अंगणात येते. यंत्राविना, केवळ जागा बदलून, घरातील माणसे आपापले तापमान निवडीत आली.

थंड प्रदेशांत हीच निवड यंत्रांकडे सोपविली जाते. तेथे अनेक घरांत एका बॉयलरचे गरम पाणी नळांवाटे सर्व खोल्यांत खेळविलेले असते. एकच थर्मोस्टॅट असला की तो ज्या भिंतीवर बसविला तेथल्यापुरतेच त्याला कळते; बैठकीची खोली तापून निघते आणि कोपऱ्यातील शयनगृह गारठलेलेच राहते. म्हणून घराचे विभाग पाडून प्रत्येक विभागाला स्वतंत्र झडप आणि स्वतंत्र थर्मोस्टॅट देण्याची पद्धत आली. नवे ‘स्मार्ट’ थर्मोस्टॅट माणसांच्या सवयी टिपतात, फोनवरून आज्ञा घेतात आणि रिकाम्या खोलीची ऊब आपण होऊन उतरवितात. तथापि या शहाण्या यंत्रांचाही एका ठिकाणी निरुपाय होतो. दोन विभागांमधले दार सदैव उघडे असेल, तर एकाची ऊब दुसऱ्यात ओसंडते; एक थर्मोस्टॅट आयता तृप्त होतो आणि दुसरा व्यर्थ राबत राहतो. भिंत आधी, उपकरण नंतर, असा हा क्रम आहे.

हिंगोली वा वसमतच्या सुखवस्तू घरांत हाच पेच उलट्या दिशेने उभा राहिला आहे. शयनगृहात वातानुकूलन यंत्र आणि लगतच्या खोलीत कूलर, अशी जोडी तेथे बसते. कूलरला खिडकी उघडी हवी, वातानुकूलनाला खोली बंद हवी. मधले दार उघडे राहिले, की कूलरची दमट हवा शयनगृहात शिरते आणि तिच्यातील पाणी काढण्यातच दुसऱ्या यंत्राची वीज खर्ची पडते. एकाच घरातील दोन यंत्रे एकमेकांविरुद्ध चालतात आणि दोहोंचे देयक घरधनी भरतो!

1 जानेवारी 2020 पासून तारांकित वातानुकूलन यंत्रे सुरू करताच 24 अंशांवर असावीत, असा केंद्राचा नियम आहे. नियम स्वागतार्हच, मात्र यंत्र मोजते ते हवेचे तापमान. दिवसभर तापलेला सिमेंटचा स्लॅब मध्यरात्रीपर्यंत डोक्यावर उष्णता ओकत असतो, तिची मोजणी त्यात नाही. म्हणून रात्री आकडा आणखी खाली आणला जातो, आणि दोष मात्र यंत्राला दिला जातो.

हे सारे ज्यांच्या घरात विभाग आहेत त्यांच्यापुरते झाले. प्रधानमंत्री ग्रामीण आवास योजनेतील घरकुलाचे किमान क्षेत्र स्वयंपाकाच्या जागेसह 25 चौरस मीटर आणि सपाट प्रदेशातील केंद्रीय योजनेचे मूळ अनुदान 1 लाख 20 हजार रुपये. तेवढ्यात चूल, झोप आणि आजारी माणूस यांना एकाच छताखालची एकच हवा वाट्याला येते. त्यावर पत्रे असतील तर दुपारी त्या घरात बसणे ही शिक्षाच.

मग माळवदाकडे परतावे काय? हा सल्ला देणे सोपे, पण निष्ठुर आहे. 30 सप्टेंबर 1993 च्या किल्लारीच्या भूकंपात दगडमातीच्या भिंती आणि जड छपरांखाली हजारो माणसे गाडली गेली. मराठवाडा ते विसरलेला नाही. हिंगोली परिसरात 21 मार्च आणि 10 जुलै 2024 रोजी साडेचार रिश्टरच्या आसपासचे धक्के बसले. मार्चमधील धक्क्यांनंतर पत्र्यांवर आधारासाठी ठेवलेले दगड उतरवून घ्यावेत, असे आवाहन प्रशासनाला करावे लागले. जड छप्पर जीव घेते आणि हलके छप्पर जाळते, या दोहोंत हा जिल्हा सापडला आहे.

वाट अगदीच नाही असे नव्हे. शेजारच्या तेलंगणाने 2023 मध्ये शीतल छतांचे स्वतंत्र धोरण जाहीर केले. ऊन परतवणारा पांढरा लेप छताला वजन आणीत नाही, म्हणून भूकंपप्रवण भागातही तो चालतो. पत्र्याखाली हवेचा थर राखून घातलेले हलके आढे, समोरासमोर दोन खिडक्या आणि पश्चिमेकडे पडवी, इतके जरी घरकुलाच्या आराखड्यात आले तरी त्या एका खोलीत दुपारी बसण्याजोगा एक कोपरा निघेल. आज हप्ता सुटण्यासाठी बांधकामाच्या टप्प्याटप्प्याची छायाचित्रे पाठवावी लागतात. त्यांत छत दिसते, पण त्याखाली मे महिन्यात किती अंश असतात याची नोंद कोणत्याच रकान्यात मागितलेली नाही.