पाय टेकला की एक

परवा नातवानं मोबाइल नाकासमोर धरला. "आजोबा, हा तुमच्या यॉर्कशरचाच ना?" डगी लॅम्पकिन मोटारसायकलच्या मागच्या चाकावर चालला होता. २०१६ साली आयल ऑफ मॅन बेटावरच्या टीटी शर्यतीचा अख्खा मार्ग, जवळपास ६१ किलोमीटर, त्यानं पुढचं चाक टेकू न देता कापला. दीड तासाहून लांबलेली ती तपश्चर्या नातवानं बारा सेकंदांत उरकली.

आमचाच तो. सिल्सडनचा. बाप मार्टिन १९७५ चा, मोटारसायकल ट्रायलमधला पहिला जगज्जेता. डगीनं १९९७ ते २००३ सलग सात जगज्जेतेपदं घेतली. त्या वर्षांत मी निकालसुद्धा बघत नसे. कोण जिंकणार ते आदल्या दिवशीच ठाऊक!

माझं दशक त्याआधीचं. १९७९ ते ८८, बीबीसीवर 'किकस्टार्ट' हा ट्रायलचा कार्यक्रम लागायचा. निवेदकांत पीटर पर्व्हस. पोरांसाठी 'ज्युनियर किकस्टार्ट' वेगळं. रविवारी चिखलात लोळणारी माणसं एकदम घरोघरी ओळखीची झाली. मुलं खूश, बायको खूश, मी मात्र धुमसत असे. कारण तिथे घड्याळ होतं.

ट्रायलमध्ये घाईला किंमत नाही. (आमच्या शिप्लीच्या स्कॉट कारखान्यानं १९१४ मध्ये सुरू केलेली स्कॉट ट्रायल तेवढी वेळही मोजते, ते आमचं घरचं भांडण.) ओढ्यातले शेवाळलेले दगड, वर झाडाची मुळं, आणि पायदानांवर उभा राहून क्लचशी कुजबुजणारा गडी. पाय एकदा टेकला की एक गुण, दोनदा टेकला की दोन, त्यापुढे कितीदाही टेका, तीन. गाडी आडवी झाली की पाच. ज्याचे गुण कमी तो वरचढ. हे मोजायला ऑब्झर्व्हर लागतो. गिरणीला सुट्टी असली की तो मी असे. थर्मासमधला चहा, गारठलेली बोटं आणि नजर कायम बुटांवर.

एका वर्षी आमच्या क्लबच्या ट्रायलला कॅमेरेवाले आले. माझा लाल रेनकोट चित्रात येतो म्हणून मला झाडामागे उभं केलं. तिथून डावा पाय दिसत नव्हता. एक पोरगा वर गेला, मी शून्य दिलं. खाली उभ्या बाया म्हणाल्या, टेकला होता. दुसरा पोरगा त्या एका गुणानं हरला. त्याच्या बापानं माझ्याशी पुढे बोलणं टाकलं, आणि टीव्हीवर आमच्या ट्रायलमधल्या फक्त चार पडापडी दिसल्या.

आता तर पडापडीलाही पार्श्वसंगीत असतं.

नातवाला म्हटलं, पुन्हा लाव. त्यानं लावलं. मी सवयीनं बुटांकडे पाहू लागलो. उभ्या चौकटीत बसावं म्हणून चित्र गुडघ्यांपाशीच कापलं होतं.