क्षणिक सुख आणि चार मिनिटांचा चित्रपट

क्षणिक सुखाच्या मागे लागू नये, असे आपण लहानपणापासून ऐकत आलो आहोत. परंतु हे सुख पोकळ असते म्हणजे नेमके काय, हे कधीकधी उपदेशापेक्षा एखाद्या लघुपटातून लवकर उमगते. प्रमोद पती यांनी १९७० मध्ये मुंबईच्या फिल्म्स डिव्हिजनसाठी केलेला ‘ट्रिप’ हा असाच एक प्रायोगिक लघुपट.

महानगरातील रोजच्या जीवनाची क्षणभंगुरता दाखविणारा हा कृष्णधवल चित्रपट जेमतेम चार मिनिटांचा आहे. त्याचे तंत्र समजून घेण्यासारखे आहे. माणसाला स्थिर उभे करून एक चित्र घ्यायचे, त्याला थोडे सरकवून पुन्हा एक. सेकंदाला चोवीस चित्रे पडद्यावर पडली की माणसे बाहुल्यांसारखी धावू लागतात. म्हणजे जी गती आपल्याला भासते, ती कोणत्याही एका चित्रात नसतेच!

सुखाचेही असेच नाही का? माझ्या पहिल्या पगारातल्या मोबाईलचा आनंद शेजाऱ्याने नवे मॉडेल आणेपर्यंतच टिकला. सातपूरच्या कामगार बंधूंना दिवाळीचा बोनस देताना पाहिलेले हसरे चेहरे, दोन महिन्यांनी कर्जाची चौकशी करताना मी बँकेच्या काउंटरवर पाहिले आहेत. आणि आज ‘पाचच मिनिटे’ म्हणून उघडलेले रील्स रात्री बारापर्यंत चालतात. काय पाहिले, हे सकाळी आठवत नाही.

म्हणून सारे व्यर्थ, असा निष्कर्ष मात्र काढू नये. आपल्याच जिल्ह्यात, त्र्यंबकेश्वरी जन्मलेल्या दादासाहेब फाळके यांनी ‘राजा हरिश्चंद्र’च्या आधी, १९१२ मध्ये, कुंडीतल्या वाटाण्याच्या वाढीचा लघुपट केला होता. तंत्र जवळजवळ तेच : ठरावीक अंतराने एकेक चित्र. पण येथे चित्रे जोडली की अंकुर वर येतो, रोप उभे राहते.

पांडवलेण्यांच्या, म्हणजेच त्रिरश्मी लेण्यांच्या पायथ्याशी फाळके स्मारक आणि बुद्धविहार शेजारी शेजारी आहेत. तेथे गेलो की हे दोन्ही लघुपट मला एकत्र आठवतात. अनित्यता म्हणजे सारे बदलते. बदलते म्हणून सुख निसटते. आणि बदलते म्हणूनच अभ्यासाने, सदाचाराने माणूस घडतो.

विद्यार्थी मित्रांनो, क्षण जाणारच. तो नुसता सरकला की अंकुरला, एवढेच रोज झोपण्यापूर्वी स्वतःला विचारावे, असे नम्रपणे सुचवावेसे वाटते.