मशीनिमा : एका व्हिडिओ-साम्राज्याचा उदयास्त
व्हिडिओ गेममधील पात्रे आणि दृश्ये वापरून चित्रपट रचण्याच्या कलेला ‘मशीनिमा’ म्हणतात, आणि ह्यू हॅनकॉक यांनी 2000 मध्ये याच नावाने सुरू केलेल्या संकेतस्थळातून पुढे यूट्यूबवरील एक बलाढ्य अमेरिकन कंपनी उभी राहिली. हजारो निर्मात्यांचे चॅनेल एका छत्राखाली आणून त्यांना जाहिराती मिळवून द्यायच्या आणि उत्पन्नातला वाटा घ्यायचा, असा तिचा व्यवहार होता. अशा कंपन्यांना ‘मल्टी-चॅनेल नेटवर्क’ म्हणतात. मात्र काही करारांत निर्मात्याला कायमचे बांधून ठेवणारी कलमे होती, आणि वकिलाचा सल्ला न परवडणाऱ्या तरुणांकडून अशा कागदांवर सह्या घेणे हा उघड अन्याय होता.

प्रेक्षकांचीही फसगत झाली. एक्सबॉक्स वनची भलामण करणाऱ्या व्हिडिओंसाठी दोघा निर्मात्यांना अनुक्रमे 15,000 आणि 30,000 डॉलर दिले गेले, पण ही जाहिरात असल्याचे पुरेसे स्पष्ट केले गेले नाही, असा ठपका 2015 मध्ये अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशनने ठेवला. पुढच्याच वर्षी वॉर्नर ब्रदर्सने कंपनी विकत घेतली. जानेवारी 2019 मध्ये मुख्य चॅनेलवरील व्हिडिओ एकाएकी खासगी करण्यात आले, त्यामुळे वर्षानुवर्षांचे काम प्रेक्षकांच्याच नव्हे तर ते घडवणाऱ्यांच्याही हाताबाहेर गेले, आणि पाठोपाठ 81 कर्मचाऱ्यांना नोकरीवरून कमी करून कंपनीचा कारभार गुंडाळण्यात आला.