कंठातला इतिहास, परक्यांची पुस्तके

मेंढपाळांचा इतिहास त्यांच्या कंठात असतो. कागदावर तो बहुधा परक्याच्या हातून उतरतो. कझाकांची मौखिक कथागीते १८७० मध्ये छापली, ती बर्लिनमध्ये जन्मलेल्या रादलोव यांनी. कझाक कवी अबाय यांचा पहिला काव्यसंग्रह निघाला १९०९ मध्ये, त्यांच्या मृत्यूनंतर पाच वर्षांनी. आपल्याकडेही तेच. धनगरांच्या ओव्या ध्वनिमुद्रित करून अभ्यासल्या जर्मन संशोधक गुंथर सोन्थायमर यांनी. बिरोबा, म्हस्कोबा, खंडोबावरचा त्यांचा ग्रंथ १९७६ मध्ये आला तो जर्मनमध्ये.

हे ऋण मोठेच. पण धनगरी ओवीत आधी गाणे, मग तीच घटना कथेत सांगणे, अशी जोडी असते. छापील पानावर शब्द उरतात, ढोल आणि आवाज जातो. म्हणून गाणारे हयात आहेत तोवर त्यांच्याच नावाने त्यांची पुस्तके निघाली पाहिजेत.