ट्रॅक्टर, कोयता आणि दोन एकर रान

यांत्रिकीकरण हा बड्या बागायतदारांचा विषय, दोन एकरवाल्याचा त्याच्याशी काय संबंध, असं अनेकजण धरून चालतात. २०१५-१६ च्या कृषिगणनेनुसार महाराष्ट्रातलं सरासरी धारण क्षेत्र १.३४ हेक्टर आहे. एवढ्याशा रानातही आज नांगरट ट्रॅक्टरने आणि मळणी यंत्राने होते. बैलजोडी वर्षभर पोसायची आणि औताला जुंपायची मोजके दिवस, हे लहान शेतकऱ्याला परवडत नाही. म्हणून तो यंत्र भाड्याने घेतो.

त्याची खरी अडचण पाळीची आहे. पाऊस पडून वाफसा आला की सगळ्या गावाला एकाच वेळी ट्रॅक्टर हवा असतो. मालक आधी दहा एकराच्या सलग पट्ट्यात जातो, कारण तुकड्यात वळणं जास्त, डिझेल जास्त आणि कमाई कमी. लहान शेतकऱ्याचा नंबर लागेपर्यंत ओल उडालेली असते. कोरडवाहूत पेरणी लांबली की उतारा घटतो. हे नुकसान भाड्याच्या पावतीवर कुठेच दिसत नाही.

शेतकरी जुन्याला चिकटून बसतो, हाही असाच समज. १९०३ मध्ये लक्ष्मणराव किर्लोस्करांनी लोखंडी नांगर आणला, तेव्हा लोखंडाने जमीन नासेल असं लोक म्हणत आणि पहिले नांगर खपायला फार वेळ लागला. पण उपयोग दिसताच शेतकऱ्यांनी तो उचलला.

यंत्र आलं की गड्यांचं काम जातं, असं म्हणताना बायकांची आठवण कुणाला होत नाही. फरझाना आफ्रिदी आणि सहकारी अर्थतज्ज्ञांनी १९९९ ते २०११ या काळातल्या भारतीय शेतीचा अभ्यास केला. ट्रॅक्टरची मशागत वाढल्यामुळे शेतीतलं बायकांचं काम पुरुषांपेक्षा जास्त घटलं, असं त्यांना आढळलं. खोल नांगरटीने तण कमी होतं, आणि खुरपणी तर बायकांच्याच वाट्याची. घरातल्या बाईच्या हातात स्वतःचे म्हणून येणारे पैसे तिथेच थांबतात.

सर्वांत घट्ट बसलेला समज उसाचा आहे: हार्वेस्टर आला की तोडणी मजुराची सुटका. हे काम माणसाला झिजवणारं आहे, यात शंका नाही. २०१९ मध्ये बीड जिल्ह्यात ८२ हजारांहून अधिक ऊसतोड महिलांची पाहणी झाली. त्यांतल्या १३ हजारांहून अधिक जणींचं गर्भाशय काढलेलं आढळलं. या कामाचे गोडवे कुणी गाऊ नयेत. पण नवरा-बायकोची जोडी म्हणजे एक कोयता, आणि तो कोयता मुकादमाकडून आगाऊ घेतलेल्या उचलीला बांधलेला असतो. काम गेलं म्हणून उचल फिटत नाही. शिवाय यातल्या अनेकांची गावाकडे एखाद-दीड एकर कोरडवाहू जमीन असते. हंगामातल्या याच मजुरीवर त्यांचं बी-बियाणं येतं. म्हणजे तोडणी मजूर हाही लहान शेतकरीच.

दुसरीकडे ऊस लावणारा लहान शेतकरी. हार्वेस्टरला चार-पाच फुटांची सरी आणि सलग रान लागतं. अरुंद सरीच्या अर्ध्या एकराकडे तो वळत नाही. कोयते कमी झाले, तर या शेतकऱ्याचा ऊस तोडीसाठी ताटकळत उभा राहील आणि वजन घटेल. एकाच यंत्राचा फटका बीडच्या कोरडवाहू शेतकऱ्यालाही बसू शकतो आणि सांगली-कोल्हापूरच्या अर्ध्या एकरवाल्यालाही.

यंत्रखरेदीच्या अनुदानाबद्दल थोडक्यात: ते साधारणपणे खरेदीनंतर खात्यात येतं. आधी पूर्ण रक्कम उभी करता येते, त्यालाच त्याचा उपयोग.

म्हणून यंत्रं भाड्याने देणाऱ्या अवजार बँकांना मदत देताना सरकारने दोन अटी घालाव्यात. भाड्याचा दर ग्रामपंचायतीच्या फलकावर लागला पाहिजे, आणि वाफशाच्या दिवसांत पहिली पाळी पाच एकरांच्या आतल्यांची असली पाहिजे. ऊसतोड मजुरांच्या उचलीचा आणि पर्यायी कामाचा निर्णय हार्वेस्टरचं अनुदान वाटण्याआधी व्हावा. तुमच्या गावात अवजार बँक असेल, तर येत्या ग्रामसभेत तिची पाळीची वही मागा.