न्यायालयातून दूरदर्शनवर

आनंद पटवर्धन यांच्या राजकीय माहितीपटांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले, पण ते दूरदर्शनवर दाखवले जावेत यासाठी त्यांना पुन्हा पुन्हा न्यायालयाची पायरी चढावी लागली. ब्रिटनमध्ये मार्क थॉमससारख्या विनोदकाराचे सत्ताधाऱ्यांना अडचणीचे प्रश्न विचारणारे कार्यक्रम चॅनल फोर स्वतःहून दाखवत होते. इथे सरकारी पुरस्कार मिळालेला चित्रपटही सरकारी वाहिनी नाकारत होती.

पटवर्धन यांचा जन्म १९५० मध्ये मुंबईत झाला. जयप्रकाश नारायण यांच्या बिहार आंदोलनावरचा त्यांचा सुरुवातीचा माहितीपट आणीबाणीत लपवून परदेशी न्यावा लागला. १९८५ च्या ‘हमारा शहर’मध्ये मुंबईतल्या झोपडपट्ट्या पाडण्याची मोहीम, उखडलेल्या माणसांचे बोल आणि शाहीर विलास घोगरे यांचे गाणे एकत्र आले. हा चित्रपट काय किंवा अयोध्येच्या वादावरचा ‘राम के नाम’ (१९९२) काय, दोन्ही दूरदर्शनवर सुखासुखी लागले नाहीत.

सर्वांत महत्त्वाचा निकाल लागला तो ‘पितृ, पुत्र और धर्मयुद्ध’ या १९९५ च्या माहितीपटाचा. पुरुषी अहंकार आणि धार्मिक हिंसा यांचे नाते तो दोन भागांत उलगडतो. सेन्सॉर बोर्डाने पहिल्या भागाला ‘यू’ आणि दुसऱ्याला ‘ए’ प्रमाणपत्र दिले होते. तरी दूरदर्शन नकारावर अडून राहिले आणि उच्च न्यायालयाने प्रक्षेपणाचा आदेश दिल्यावर सर्वोच्च न्यायालयात गेले. ऑगस्ट २००६ मध्ये तिथेही पटवर्धन जिंकले. सुटी दृश्ये वेगळी काढून नव्हे, तर अख्खी कलाकृती सर्वसामान्य समंजस माणसाच्या नजरेने तोलायची, असा निकष न्यायालयाने लावला. निकाल चांगलाच होता, पण तोवर चित्रपटाला अकरा वर्षे उलटली होती. ताज्या राजकारणावरच्या कामाला एवढा उशीर म्हणजे निम्मी बंदीच! अण्वस्त्रांवरच्या ‘जंग और अमन’ला सेन्सॉरने एकवीस कट सुचवले, तेही २००३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने रद्द केले.

‘हमारा शहर’मध्ये गाणाऱ्या घोगरेंचा शेवट मात्र दुःखद झाला. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात आंबेडकरांच्या पुतळ्याच्या विटंबनेनंतर जमलेल्यांवर पोलिसांनी गोळीबार केला. त्यात दहा जण मरण पावले. चार दिवसांनी घोगरेंनी आत्महत्या केली. तिथपासून पटवर्धन यांनी चौदा वर्षे चित्रीकरण केले आणि २०११ मध्ये सव्वातीन तासांहून मोठा ‘जय भीम कॉम्रेड’ पूर्ण झाला. तो वस्त्यावस्त्यांत उघड्यावर पडदा लावून दाखवण्यात आला.