व्हीआर गेमचा बॅकअप म्हणजे नेमकं काय?

तेल्हारा तालुक्यातल्या हिवरखेडात रोजच्या दीड जीबीच्या पॅकवर एक जीबीचा व्हीआर गेम उतरवला, की त्या दिवसाचं नेट संपत आलंच. म्हणून फोन बदलताना बॅकअप हवाच. पण तो एका फाईलने होत नाही. एपीके हे मूळ ॲप, ओबीबी ही चित्रं-आवाजांची अवजड फाईल आणि तिसरी गोष्ट तुमची खेळातली प्रगती. अँड्रॉइडचा आपोआप होणारा बॅकअप एका ॲपमागे २५ एमबीच घेतो, त्यात ओबीबी येत नाही. प्रगती ॲपच्या खासगी जागेत असते; नुसतं एपीके मेमरी कार्डावर टाकलं, तर खेळ पुन्हा पहिल्यापासून.

कुणी म्हणेल, प्ले स्टोअर आहे की! पण गूगलने २०१६ साली आणलेलं डेड्रीम हे व्हीआर व्यासपीठ २०१९ मध्येच गुंडाळायला घेतलं, कार्डबोर्ड या व्हीआर चष्म्याची विक्री २०२१ मध्ये थांबवली. स्टोअरवरून गेलेला गेम नव्या फोनवर मिळेलच याची खात्री नाही. गेमची प्रत ठेवणं म्हणजे चोरी, असा आक्षेपही कुणी घेईल; तो रास्त आहे, पण प्रती वाटणाऱ्यांना लागू होतो. विकत घेतलेला गेम स्वतःपुरता जपणं वेगळं. तेव्हा गेममध्ये क्लाउड सेव्हची, म्हणजे प्रगती ऑनलाइन साठवण्याची, सोय असेल तर आधी ती चालू करावी, आणि नव्या फोनवर गेम उघडून प्रगती दिसल्याशिवाय जुना फोन रिसेट करू नये.